महापौर होण्याआधी वकील, मग मेजर: असा माणूस आपल्या गावांना हवा का?

वकीलबाई, सिव्हिल लाइन्स

क्लेमंट अ‍ॅटली हे नाव आपल्याला शाळेच्या पुस्तकात एका ओळीपुरतं भेटतं. भारत स्वतंत्र झाला तेव्हा ब्रिटनचा पंतप्रधान कोण, या एका गुणाच्या प्रश्नाचं ते उत्तर. मला त्याच्या आयुष्यातलं एकच वर्ष इथे मांडायचं आहे, १९१९-२०. त्या वर्षी तो पूर्व लंडनमधल्या स्टेपनीचा महापौर होता.

स्टेपनी म्हणजे गोदीकामगारांचा, शिवणकाम करणाऱ्यांचा भाग. आयरिश आणि ज्यू कुटुंबं एकेका खोलीत दाटीनं राहायची. वस्ती अडीच लाखांच्या आसपास. अ‍ॅटली तिथला जन्माचा नव्हे. १८८३ चा जन्म, वडील सॉलिसिटर, शिक्षण ऑक्सफर्डला, १९०६ मध्ये बॅरिस्टर. पण १९०५ पासून तो त्या भागातल्या गरीब पोरांच्या क्लबात जायला लागला, पुढे क्लबाचा व्यवस्थापक झाला आणि तिथंच राहायला गेला. १९१४ ला महायुद्ध सुरू झालं तेव्हा ३१ वर्षांचा होता, तरी भरती झाला. तुर्कस्तानात गॅलिपोलीला लढला. १९१५ च्या डिसेंबरात सुवला उपसागरातून माघार घेताना पिछाडी सांभाळणारी तुकडी त्याच्याकडे होती आणि किनारा सोडणाऱ्यांत शेवटून दुसरा माणूस तो होता. १९१६ मध्ये मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकमध्ये, हन्नाच्या लढाईत आपल्याच बाजूच्या तोफेच्या गोळ्यानं जखमी झाला. उपचारांसाठी त्याला आधी भारतातच आणलं होतं. १९१७ ला मेजर झाला.

हा माणूस परत येऊन पुन्हा त्याच गल्ल्यांत राहायला लागला. १९१९ च्या नोव्हेंबरात मजूर पक्षानं स्टेपनीतल्या ६० पैकी ४३ जागा जिंकल्या आणि ३६ व्या वर्षी तो महापौर झाला. मग त्याच्या कौन्सिलनं काय केलं? भाडं चोपून घेणारे पण गळकं छप्पर, तुंबलेली मोरी दुरुस्त न करणारे जे घरमालक होते, त्यांना कायदेशीर नोटिसा बजावल्या आणि दुरुस्ती करून घेतली. स्वच्छता निरीक्षक नेमले, घरोघरी जाणाऱ्या आरोग्यसेविका नेमल्या. बालमृत्यू कमी झाले.

मी नागपूरच्या जिल्हा न्यायालयात १९ वर्षं भाडेकरू-घरमालकांचे दावे चालवते आहे, म्हणून हे वाचताना जीव अडकला. आपल्याकडे महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ आहे. त्याआधी विदर्भात सी. पी. अँड बेरारचा १९४९ चा भाडे नियंत्रण आदेश होता, जुन्या वकिलांच्या तोंडी अजून तोच असतो. आताच्या कायद्याच्या कलम १४ प्रमाणे घर राहण्याजोगं ठेवणं हे मालकाचं काम आहे. भाडेकरूनं नोटीस द्यायची, १५ दिवसांत मालकानं केलं नाही तर स्वतः दुरुस्ती करून खर्च भाड्यातून वळता करायचा, वर्षाच्या भाड्याच्या एक चतुर्थांशापर्यंत. किती भाडेकरूंना हे ठाऊक आहे? उलट महापालिका कायद्याच्या कलम २६४ ची, धोकादायक इमारतीची नोटीस, ती बहुतेक वेळा माझ्यासमोर येते ती मालकाच्या वकिलाच्या फाइलमधून. आधी वर्षानुवर्षं डागडुजी करायची नाही, मग इमारत मोडकळीला आली म्हणून नोटीस काढवून घ्यायची आणि ४० वर्षांच्या भाडेकरूला बाहेर काढायचं. स्टेपनीतली नोटीस भाडेकरूला घरात ठेवण्यासाठी निघत होती. आपली त्याला घराबाहेर काढायला कामी येते.

माझं म्हणणं असं: नगराध्यक्ष आणि महापौर म्हणून पक्षांनी अशी माणसं शोधावीत ज्यांना कायदा वाचता येतो आणि दिलेला हुकूम जमिनीवर उतरला का, हे बघितल्याशिवाय झोप येत नाही. पहिली सवय वकिली लावते, दुसरी फौज. आपल्या शेजारी कामठीत गार्ड्स रेजिमेंटचं केंद्र आहे, लष्करी कायदा शिकवणारी संस्थाही तिथंच आहे. सीताबर्डीच्या किल्ल्यात प्रादेशिक सेनेची बटालियन आहे. वकील तर नागपुरात पैशाला पासरी. मग नगर परिषदांच्या उमेदवार यादीत ही माणसं का दिसत नाहीत?

जुना गार्ड्समन

वकीलताई, राम राम. बावीस वर्षं फौजेत काढून कामठीत स्थायिक झालो. तुम्ही आमच्या लोकांचा मान राखला, बरं वाटलं. तरी मी तुमच्या विरोधात लिहून राहिलो.

फौजेत माझा हुकूम चालायचा तो माझ्या आवाजामुळं नाही. माझ्यामागं आर्मी अ‍ॅक्ट उभा होता. जवानानं नाही म्हटलं तर काय होते, ते त्यालाही माहीत आणि मलाही. वॉर्डातल्या माणसाला 'नाही' म्हणायचा हक्क आहे. तोच तर त्याचा हक्क आहे! रिटायर झाल्यावर मी आमच्या गृहनिर्माण सोसायटीचा सचिव झालो. पाणी अमुक वेळेला, गाड्या अमुक रांगेत, सभेला उशीर केला तर बोलायचं नाही. सहा महिन्यांत अर्धे लोक सभेला यायचे बंद झाले. मला वाटे, शिस्त नाही यांना. मग एका म्हाताऱ्या काकूंनी घरी बोलावून चहा दिला आणि म्हणाल्या, भाऊ, तुम्ही आम्हाला विचारतच नाही, सांगता. ते वाक्य मी विसरलो नाही. मी राजीनामा दिला.

दुसरं. वर्दीतल्या माणसाला राजकारणापासून लांब ठेवते आपला कायदा, त्याला कारण आहे. निवृत्तीनंतर निवडणूक लढवायला मनाई नाही, लढवावी. पण 'फौजी आहे म्हणून मत द्या' हे पोस्टरवर आलं की मला आतून वाईट वाटते. फौज सगळ्यांची आहे.

एलएलबी तिसरं वर्ष

मी वकीलबाईंच्या बाजूनं. मी जॅगच्या, म्हणजे लष्कराच्या विधी शाखेच्या मुलाखतीची तयारी करतोय, म्हणून या विषयावर बरंच वाचलंय. काका म्हणतात फौजेत फक्त हुकूम. पण जॅग अधिकारी कोर्ट मार्शलमध्ये न्यायालयाला कायदा समजावून सांगतो, आणि तो कायदा आरोपी जवानाच्या बाजूचा असला तरी सांगतो. वरिष्ठाला 'सर, हे नियमात बसत नाही' असं तोंडावर सांगण्याचं ते काम आहे. नगर परिषदेत सगळ्यात जास्त गरज या वाक्याची आहे. टेंडरच्या फाइलवर सही करण्याआधी हे वाक्य म्हणणारा एक माणूस बसवा, बघा काय फरक पडतो.

एक अडचण मात्र खरी आहे. दोन्ही कामं एकाच वेळी होत नाहीत. पूर्ण पगारी नोकरी धरली की बार कौन्सिलच्या नियम ४९ प्रमाणे वकिली थांबवावी लागते. म्हणजे आयुष्याचे तुकडे पडतातच, आधी एक मग दुसरं. अ‍ॅटलीचंही तसंच झालं.

माजी नगरसेविका, महाल

सगळे अ‍ॅटलीच्या प्रेमात पडले आहेत, म्हणून थोडं आपल्या घरचं सांगते.

ताई, तुम्ही वकील आहात, तुम्हाला हे माझ्यापेक्षा जास्त कळतं. महाराष्ट्रात महापालिकेचा कार्यकारी अधिकार आयुक्ताकडे आहे. महापौर सर्वसाधारण सभा चालवतात, मतं समसमान पडली तर निर्णायक मत देतात, पाहुण्यांचं स्वागत करतात. खर्चाच्या मोठ्या कंत्राटांना मंजुरी स्थायी समितीची. सभेनं ठराव केला आणि सरकारला पटला नाही, तर महापालिका कायद्याच्या कलम ४५१ खाली तो विखंडित, म्हणजे रद्द, होतो. मुदत अडीच वर्षं. पहिलं वर्ष सत्कारात जातं, शेवटचे सहा महिने पुढच्याच्या चर्चेत. या खुर्चीवर तुम्ही वकील बसवा, मेजर बसवा, नाहीतर दोन्ही मिळून एक बसवा, नोटीस काढायला पेन आयुक्ताचं लागतं. २०२० मध्ये आयुक्त आणि महापौर यांचं जे जाहीर भांडण आपण सगळ्यांनी पाहिलं, ते दोन माणसांचं भांडण म्हणून पेपरात आलं. माझ्या मते ते कायद्याचं भांडण होतं. लोकांनी निवडलेला एक आणि सरकारनं पाठवलेला एक, आणि अधिकार दुसऱ्याकडे.

आणि वकील महापौर नागपूरला नवे नाहीत. १९५१ ला आपली नगरपालिका महापालिका झाली आणि पहिले महापौर बॅरिस्टर शेषराव वानखेडे होते. १९९७ मध्ये देवेंद्र फडणवीस तिशीच्या आतच महापौर झाले, तेही कायद्याचे पदवीधर. म्हणजे कायदा शिकलेली माणसं या खुर्चीवर बसून गेली आहेत. तरी तुमच्या भाडेकरूंची फाइल मालकाच्याच बगलेत आहे ना? मग दोष माणसाच्या शिक्षणात नसेल.

आता मनातलं बोलते. मी बारावीपर्यंत शिकले. २०११ पासून निम्म्या जागा बायकांना आल्या, त्यातूनच माझ्यासारख्या घराबाहेर पडल्या. पहिल्या वर्षी सभेत कागद हातात धरताना हात थरथरायचे. पण माझ्या प्रभागातल्या कोणत्या बोळात कोणत्या घरी पाणी चढत नाही, हे मला पाठ होतं, कारण ती पाणी भरणारी बाई माझ्याच नळावर यायची. उमेदवार 'वकील आणि सैनिक' असावा म्हणाल तर पहिल्याच फेरीत मी बाद. आणि माझ्यासोबत शहरातल्या निम्म्या नगरसेविका बाद.

इतिहास वाचणारा, रामदासपेठ

अ‍ॅटलीबद्दल मूळ धाग्यात लिहिलेलं बरोबर आहे, पण त्यातून काढलेला निष्कर्ष मला मान्य नाही.

एक तर तो नावापुरता वकील. काही थोडी वर्षं, मोजके खटले. त्याचं मन त्यात कधी रमलं नाही. वडील १९०८ मध्ये गेले, त्यांच्यामागं त्याला बेताचं का होईना पण नियमित उत्पन्न राहिलं, म्हणून तो वकिली सोडून गरीब वस्तीत राहू शकला. ही सोय आपल्या किती तरुण वकिलांना आहे?

दुसरं, महापौरपद त्याला वर्दीमुळं मिळालं नाही. १९१९ च्या मार्चमध्ये तो लंडन काउंटी कौन्सिलची निवडणूक हरला होता. नोव्हेंबरात पक्ष जिंकला तेव्हा हा माणूस नगरसेवकही नव्हता. स्टेपनीच्या मजूर पक्षात आयरिश आणि ज्यू असे दोन गट होते, एकमेकांचा माणूस कोणालाच नको होता. ऑस्कर टोबिन नावाचा रोमानियातून आलेला औषधविक्रेता होता, त्यानं ही मोट बांधली. दोघांनाही चालेल असा माणूस अ‍ॅटली निघाला, कारण चौदा वर्षं तो दोघांच्याही दारात जात होता. बाहेरून महापौर आणण्याची सोय तिथल्या कायद्यात होती. म्हणजे कामी आले ते स्टेपनीतल्या लाइमहाउसच्या गल्लीतले दिवस. वकिलीची सनद आणि मेजरचे पट्टे यांच्याशिवायही तेच झालं असतं.

आणखी एक गोष्ट सांगतो, ती मला फार मोलाची वाटते. त्याचा सख्खा भाऊ टॉम युद्धाच्या विरोधात होता. लढायला नकार दिला म्हणून टॉमला तुरुंगात जावं लागलं. एका घरात एक भाऊ खंदकात, दुसरा कोठडीत. सैनिक असलेल्या भावानं टॉमशी नातं तोडलं नाही. मला वाटतं, महापौर व्हायला लागणारा गुण असलाच तर तो इथं आहे.

वकीलबाई, सिव्हिल लाइन्स

टॉमची गोष्ट मला ठाऊक होती आणि मी ती गाळली, ते चुकलंच. आभार.

पण दादा, 'सनदेशिवायही तेच झालं असतं' हे मी मानत नाही. टोबिननं त्याला खुर्चीपर्यंत आणलं, कबूल. खुर्चीवर बसल्यावर काय करायचं हे कोणी सांगितलं? दोन्ही गटांना चालणारा माणूस बहुतेक वेळा कुणालाच न दुखावणारा निघतो. हा तसा निघाला नाही. घरमालकांना दुखवायचं ठरवलं, आणि त्यासाठी मोर्चा न काढता अस्तित्वात असलेला कायदा उपसला. हत्यार नवं नव्हतं, पडून होतं. मी रोज न्यायालयात हेच बघते. आपल्याकडे कायद्यांचा दुष्काळ नाही. कायदा उचलून दारापर्यंत नेणारा हात नाही.

महालच्या ताई, तुमचं शेवटचं वाचून मी बराच वेळ काही लिहिलं नाही. तुम्ही बाद होणार असाल तर माझी कसोटी चुकीची आहे, हे मी मान्य करते. पण एक विचारू? कागद हातात धरताना तुमचे हात थरथरायचे, तेव्हा त्या कागदात काय लिहिलंय हे तुम्हाला कुणी समजावून सांगत होतं का? की नुसती सही मागत होतं?

पूर विसरलो नाही

मी अंबाझरी तलावाच्या खालच्या बाजूला राहतो. २३ सप्टेंबर २०२३ ची पहाट. काही तासांत शंभर मिलिमीटरच्या वर पाऊस, तलाव सांडव्यावरून धो धो, नाग नदी घरात. आई ७८ वर्षांची, तिला पलंगासकट उचलून माडीवर नेलं. फ्रिज तरंगत होता. शहरात माणसं गेली. कामठीहून लष्कराच्या तुकड्या आल्या, बोटी आल्या, आणि पहिल्यांदा वाटलं की कुणीतरी जबाबदार माणूस आला.

त्या दिवशी आमच्या प्रभागाला नगरसेवक नव्हता. मार्च २०२२ मध्ये मुदत संपली, तेव्हापासून प्रशासक. जानेवारी २०२६ मध्ये निवडणूक होईपर्यंत जवळपास चार वर्षं २४ लाखांवरच्या या शहराला, १५१ जागांपैकी एकावरही लोकांनी निवडलेला माणूस नव्हता. मी फोन करत होतो, कोणाला करायचा तेच कळत नव्हतं. तेव्हा तत्त्वाची चर्चा मला सांगू नका. मला असा महापौर हवा जो पहाटे चार वाजता चिखलात उभा राहील आणि कोण कुठं जाईल ते सांगेल. ते सैनिकाला येतं.

जुना गार्ड्समन

भाऊ, आईसाहेब आता बऱ्या आहेत ना? तो दिवस आम्ही पण पाहिला.

पण विचार करा. तुकड्या आल्या, लोक बाहेर काढले, काम झालं आणि परत गेल्या. परत जाणं हाच त्यांचा नियम आहे. चिखल कोणी काढला? पंचनाम्याला दारोदार कोण फिरलं? कोणाचं नाव यादीत सुटलं, कोणाचं दोनदा आलं, हे तलाठी आणि मनपाच्या कर्मचाऱ्यांशी भांडून कोण बघणार होतं? ते काम नगरसेवकाचं, आणि तो नव्हता, हे तुम्हीच लिहिलं. तुम्हाला त्या दिवशी मेजर कमी पडला नाही. तो आला होता. कमी पडला तो वॉर्डाचा माणूस.

पूर विसरलो नाही

आई बरी आहे. पावसाचा आवाज आला की उठून बसते.

यादीचं म्हणता ते खरं आहे. आमच्या मागच्या गल्लीतल्या दोन घरांचं नाव सुटलं होतं. पण नगरसेवक असता तर नक्की फिरला असता, याची खात्री मला अजूनही नाही.

उमरेडकर

नगर परिषदांमध्ये अभियंता म्हणून नोकरी झाली, आता निवृत्त. महापालिकेवर बरंच झालं, मूळ प्रश्न छोट्या गावांचा होता, म्हणून लिहितो.

महालच्या बाईंनी महापौराबद्दल जे लिहिलं ते नगराध्यक्षाला तसंच्या तसं लागू नाही. १९६५ च्या नगर परिषद अधिनियमात अध्यक्षाला कारभारावर आणि पैशावर लक्ष ठेवायचा अधिकार आहे, मुख्याधिकाऱ्याकडून माहिती मागवता येते. तो थेट लोकांतून निवडायचा की नगरसेवकांतून, यावर मात्र सरकारं हेलकावे खात आली. २००१ मध्ये थेट, २००६ ला बंद, २०१६ ला परत थेट, २०२० ला बंद, २०२२ ला पुन्हा थेट. डिसेंबर २०२५ च्या निवडणुका थेट झाल्या. थेट निवडून आलेला अध्यक्ष आणि सभागृहात बहुमत दुसऱ्यांचं, अशी गावं मी पाहिली आहेत. तिथं दर सभेला ठराव अडतो, मग कोणीतरी जिल्हाधिकाऱ्यांकडे ठराव थांबवण्यासाठी कलम ३०८ चा अर्ज टाकतो आणि काम वर्षभर लटकतं.

आता नोटिसांबद्दल. मी स्वतः शेकडो नोटिसा लिहिल्या असतील. अतिक्रमण, सांडपाणी, मोडकी भिंत. नोटीस लिहिणं दहा मिनिटांचं काम. ती बजावायला शिपाई लागतो, पंचनाम्याला दोन माणसं लागतात, मुदत संपल्यावर पुन्हा जायला निरीक्षक लागतो. क वर्गाच्या परिषदेत, म्हणजे पंचवीस ते चाळीस हजार वस्तीच्या गावात, एका माणसाकडे तीन तीन टेबलं. आवक-जावक नोंदवहीत नोटीस 'जावक' होते, तिचं पुढं काय झालं याला नोंदवहीत रकानाच नाही. मी एकदा पेन्सिलनं तसा रकाना आखला होता, शीर्षक दिलं 'पुन्हा पाहणी'. वरिष्ठांनी विचारलं, हा कोणत्या नमुन्यात आहे? नमुन्यात नव्हता. खोडला.

म्हणून वकीलबाईंच्या मूळ लेखातली एक ओळ मला सगळ्यात महत्त्वाची वाटली, आणि तिच्यावर कोणीच बोललं नाही. अ‍ॅटलीच्या कौन्सिलनं निरीक्षक आणि आरोग्यसेविका नेमल्या. माणसं नेमली! नोटिसा त्यामुळं चालल्या. आपल्याकडे पदं मंजूर होत नाहीत, झालेली भरली जात नाहीत. ७४ वी घटनादुरुस्ती १९९३ ला लागू झाली, बाराव्या अनुसूचीत १८ विषय आले. विषयांच्या जोडीला ते सांभाळणारी माणसं आली नाहीत. हे मेजर आला तरी तसंच राहील.

एलएलबी तिसरं वर्ष

काका, म्हणजे तुम्ही वकीलबाईंच्या बाजूनं की विरोधात?

उमरेडकर

तो रकाना पेननं आखणारा अध्यक्ष मिळाला तर त्याच्या बाजूनं. तो काय शिकलाय, मी विचारणार नाही.

माजी नगरसेविका, महाल

ताईंनी विचारलं होतं, कागद कुणी समजावला का.

पहिली दोन वर्षं कुणी नाही. विषयपत्रिका यायची, साठ-सत्तर विषय, भाषा अशी की मराठी असून कळायची नाही. पक्षाचे लोक सांगायचे, हात वर करायचा तेव्हा करा. मग आमच्या बोळात एक निवृत्त पेशकार राहायचे, न्यायालयात आयुष्य गेलेलं. त्यांच्याकडे मी सभेच्या आदल्या रात्री जायला लागले. ते एकेक विषय मोठ्यानं वाचायचे आणि म्हणायचे, बाई, यात 'कार्योत्तर मंजुरी' आहे, म्हणजे खर्च आधीच झालाय, आता तुमचा अंगठा हवाय. तिसऱ्या वर्षी मी सभेत उभी राहिले आणि एका कार्योत्तर मंजुरीवर विचारलं, काम कधी झालं, कुठं झालं, दाखवा. सभागृह शांत झालं होतं. तो विषय त्या दिवशी मागं ठेवला.

तेव्हा तुमचं एक मी मान्य करते. कायदा वाचता आला पाहिजे. पण तो वाचता येणारा माणूस खुर्चीवरच बसला पाहिजे असं नाही. बाजूला बसला तरी चालतं. आमच्या पेशकार काकांना कुणी कधी तिकीट दिलं नसतं, त्यांनी मागितलंही नसतं.

वकीलबाई, सिव्हिल लाइन्स

हे वाचून मी माझं म्हणणं बदलते आहे. सगळं नाही.

'वकील आणि सैनिक शोधा' हे मी मागं घेते. इतिहासवाल्या दादांनी चौदा वर्षांचा मुद्दा काढला, गार्ड्समन भाऊंनी काकूंचं वाक्य सांगितलं, दोन्ही मला पटले. पण उमेदवार प्रचाराला दारात येईल तेव्हा मी त्याला दोनच गोष्टी विचारणार आहे. घरमालकाविरुद्ध, कंत्राटदाराविरुद्ध, स्वतःच्या पक्षाच्या माणसाविरुद्ध आजवर कोणत्या कागदावर सही केलीस? आणि त्या कागदाचं पुढं काय झालं ते बघायला पुन्हा गेलास का? यावर महालच्या ताईंकडे उत्तर आहे. उमरेडकर काकांकडेही आहे, खोडलेलं का असेना.

एका बाबतीत मात्र हटत नाही. महापौराला अधिकार नाहीत, हे खरं असलं तरी ते कारण म्हणून मी ऐकणार नाही. कलम १४ ला महापौराचा अधिकार लागतच नाही. प्रत्येक झोन कार्यालयाच्या भिंतीवर त्या कलमाचा मराठी फलक लावायला आयुक्ताचं पेन लागतं का? भाडेकरूंची एक सभा टाउन हॉलमध्ये महापौरांनी घ्यायची ठरवली तर ती कोण विखंडित करणार आहे? अ‍ॅटली १९२० मध्ये लंडनच्या मजूर महापौरांना घेऊन बेकारीच्या प्रश्नावर पंतप्रधान लॉइड जॉर्जकडे गेला. बेकारी हा कुठल्याच महापौराच्या अधिकारातला विषय नव्हता.

जुना गार्ड्समन

वकीलताई, वाद राहू द्या, एक घरचं विचारतो.

माझी मोठी बहीण इतवारीत भाड्यानं राहते, १९८६ पासून. दोन खोल्या, वर कौलं. मालक वारले, आता मुलगा बघतो. तीन पावसाळे झाले, स्वयंपाकघरात वरून पाणी. तोंडी सांगून थकलो. तो म्हणते, इमारतच जुनी आहे, तुम्ही दुसरीकडं बघा. गेल्या महिन्यात मनपाचे दोघं येऊन फोटो काढून गेले, कशाचे ते सांगितलं नाही. बहीण घाबरून आहे. भाडं दर महिन्याला देते, पावत्या २०१९ पर्यंतच्या आहेत, पुढं तो पावती देत नाही.

मी बावीस वर्षं फौजेत होतो आणि मला हे कलम १४ आज तुमच्याकडून कळलं.

वकीलबाई, सिव्हिल लाइन्स

भाऊ, सगळ्यात आधी, या महिन्याचं भाडं रोख देऊ नका. मनीऑर्डरनं किंवा बँकेतून पाठवा, म्हणजे पुरावा राहील. २०१९ पर्यंतच्या पावत्या आहेत त्या प्लास्टिकच्या पिशवीत घालून त्या स्वयंपाकघरातून बाहेर काढा, तुमच्याकडे कामठीला ठेवा. पाणी गळतंय त्याचे फोटो काढा.

फोटो काढून गेले ते २६४ ची तयारी असू शकते. नोटीस आली तर ती कुणाच्या अर्जावरून निघाली, हे माहितीच्या अधिकारात मागवू. त्याआधी आपली पोहोचली पाहिजे. कलम १४ ची नोटीस मी लिहून देते, ताईंची सही घेऊ, स्पीड पोस्टानं पाठवू, पोच जपून ठेवू. पंधराव्या दिवशी कौलं बदलणाऱ्या मिस्त्रीचा लेखी अंदाज हातात हवा, तो आजच सांगून ठेवा.

सोमवारी साडेदहाला जिल्हा न्यायालयाच्या मुख्य दाराशी या. ताईंना घेऊन या. बोलायचं त्यांनाच आहे.